सावधानच्या आधीचा प्रश्न

ठाण्याच्या वागळे इस्टेटमधल्या एका बंद कारखान्याच्या शेडमध्ये दीडशे वर्षांपूर्वीचं कल्याण उभं केलं होतं, तिथे माझे बाबा सिनेमात काम करायला गेले. काम भटजीचं. नौपाड्यात पन्नास वर्षं त्यांनी तेच केलं होतं, त्यामुळे अभिनयाचा प्रश्न नव्हता. तरी आठवडाभर ते आरशासमोर उपरणं सारखं करत होते.

सिनेमा हिंदी. गोष्ट पिढ्यान्‌पिढ्या लोकांना रडवत आलेली: नायिकेचं लग्न म्हाताऱ्या मामलेदाराशी लावतात, मग प्रियकर झुरून मरतो आणि पाठोपाठ तीही. दिग्दर्शक पोरगेलासा होता. ही गोष्ट आपण नव्या नजरेने सांगतोय, असं तो चहावाल्यालाही ऐकवायचा. मला नवं एवढंच दिसलं, की मरणारे दोघंही अंगभर दागिने घालून मरणार होते.

मी बाबांच्या गोळ्या आणि पाण्याची बाटली सांभाळायला सोबत गेलेले. लग्नाचा सीन सुरू झाला. अंतरपाट धरलेला, बाबांची मंगलाष्टकं खणखणीत. दोनदा कॅमेरा अडला. दोनदा बाबांनीच थांबवलं, कारण करवलीच्या हातात कऱ्याऐवजी शोभेचा तांब्या होता. बाबांना विधीतली चूक सहन होत नाही.

हे मला चांगलंच माहीत होतं. माझ्या लग्नात ते कन्यादानाला बसलेले आणि मंत्र सांगायला त्यांचा मित्र. बाबांनी सबंध वेळ त्या बिचाऱ्याचे उच्चार सुधारले. समोर मी हुंदके देऊन रडत होते, पण त्यांनी एकदाही माझ्या तोंडाकडे पाहिलं नाही. मला ते लग्न नको होतं. सांगायचं धाडस झालं नाही. कुणी नुसतं पाहिलं असतं तरी पुरलं असतं. तीन वर्षांत मी बॅग घेऊन नौपाड्याला परत आले. त्यावर घरात कुणी अवाक्षर काढलं नाही. मला त्याचा राग आहे, अजून आहे.

पाचव्या खेपेला शेवटचं मंगलाष्टक संपलं. आता ‘सावधान’ म्हणायचं आणि अंतरपाट काढायचा. नटी रडत होती, तिचं ते कामच होतं. बाबा तिच्याकडे बघत राहिले आणि म्हणाले, “बाळ, तुझ्या मनात आहे ना हे लग्न?”

हा प्रश्न ना विधीत, ना त्यांना दिलेल्या कागदात. नटी बावचळली आणि तिने नाही म्हणून मान हलवली. दिग्दर्शक खुर्चीतून उडालाच. घरी येताना रिक्षात मी बाबांकडून तोंड फिरवून बसले. परक्या पोरीला बरं विचारता आलं.

दिग्दर्शकाने त्या प्रश्नावरून शेवटच बदलला. नवरी मांडवातून उठून चालू लागते, कुणी मरत नाही. पेपरांतून त्याच्या नव्या नजरेचं कौतुक झालं.

सिनेमा लागल्यावर आम्ही ठाण्यातच पाहायला गेलो. बाबांचा सीन आला. तोंड बाबांचं, आवाज भलत्याच कुणा भारदस्त माणसाचा, मंगलाष्टकांचे उच्चार साफ चुकलेले. आता हे उठून दुरुस्त करणार, म्हणून मी वाट पाहत होते. शेजारून काहीच आवाज येईना, तेव्हा वळून पाहिलं. बाबा पडद्याकडे बघतच नव्हते. माझ्याकडे बघत होते.

“तुझ्या मनात नव्हतं ना?” त्यांनी विचारलं.

“नव्हतं,” मी म्हटलं. “समोर बघा आता. तुमचा सीन चाललाय.”

त्यांनी समोर पाहिलं नाही.