छातीभर पाणी

जामखेड रोडला माझं मोटारी भरायचं दुकान आहे. विहिरीतली मोटर जळाली की शेतकरी ती माझ्याकडे आणतात, मी नवी तार भरून देतो. त्या दिवशी सकाळी जवळच्या वस्तीवरून निरोप आला, तो वेगळाच होता. तिथल्या एका घरची सून विहिरीत पडली होती. आत मोटर होती, पाण्यात करंट असेल म्हणून कोणी उतरेना.

मी आधी डीपीवरचा फ्यूज काढला आणि कमरेला दोर बांधून खाली गेलो. उन्हाळा तोंडावर आला होता. पाय गाळाला टेकले तेव्हा पाणी माझ्या छातीला लागलं. ती कडेच्या दगडांशी पालथी होती. मी तिला ओळखायचो. मोटर बसवायला गेलो की न मागता पाण्याचा तांब्या आणून ठेवायची. उंचीला माझ्याएवढीच. वरून बाज सोडली, त्या बाजेवर तिला ठेवताना दोन्ही मनगटांवर काळसर वळ दिसले. तोवर तिला दोर लागलेलाही नव्हता.

वर आलो तर हवालदार बांधावर बसून पंचनामा लिहीत होते.

"मिस्तरी, तुमीच पंच व्हा. तुमीच काढली ना?"

मी कागद वाचला. पाणी अंदाजे पंधरा फूट. अंगावर खुणा नाहीत. पाय घसरून पडली.

"साहेब, पाणी छातीइतकंच हाय," मी म्हणालो. "आन् हाताला वळ हायेत."

"दोराचे असतील. डॉक्टर बघतील की. का तुम्हाला कोर्टाचे हेलपाटे घालायचेत?"

तिचा सासरा समोरच उभा होता. त्याच्या साऱ्या भावकीच्या मोटारी माझ्याकडे यायच्या. तो माझ्याकडे नुसता बघत होता. मी ओल्या हाताने सही केली. शाई थोडी पसरली.

दुपारनंतर तिला जाळलं. तिची आई नेवासा तालुक्यातली. एसट्या बदलत ती पोचली, तोवर मागे फक्त निखारे उरले होते. डॉक्टरांच्या अहवालात बुडून मृत्यू एवढंच आलं, मनगटांविषयी ओळसुद्धा नाही. पोलिसांनी अकस्मात मृत्यू म्हणून प्रकरण मिटवलं.

म्हातारीने मात्र सोडलं नाही. ठाण्यात गेली, मोठ्या साहेबांकडे गेली, शेवटी एका वकिलाने तिचा अर्ज थेट खंडपीठात लावला. न्यायमूर्तींनी सगळे कागद मागवून घेतले. विहिरीतलं पाणी मोजलं कोणी, असं त्यांनी विचारलं म्हणतात. लग्नाला चार वर्षं झालेली बाई मेली, तिच्या आईचा साधा जबाब का नाही? त्यांनी तपास दुसऱ्या अधिकाऱ्याकडे दिला आणि दर तारखेला अहवाल मागितला.

त्या अधिकारी बाई माझ्या दुकानात आल्या, तोवर तीन वर्षं उलटली होती. मी सगळं सांगितलं. त्यांनी शांतपणे लिहून घेतलं.

"हे तेव्हाच का नाही सांगितलंत?"

"सांगितलं हुतं, मॅडम."

"मग सही कशाच्या खाली केलीत?"



त्यांनी तपासात कसर ठेवली नाही. पण विहीर बुजवून तिथे शेततळं झालं होतं आणि देहाची राख कधीच वाहून गेली होती. माझं बोलणं तेवढं उरलं. नवऱ्यावर आणि सासऱ्यावर खटला उभा राहिला, नगरच्या कोर्टात माझी साक्ष झाली. त्यांच्या वकिलाने तो पंचनामा माझ्यासमोर धरला.

"सही तुमचीच?"

"व्हय."

"वाचून केली?"

"व्हय."

"म्हणजे त्या दिवशी खोटं, की आज खोटं?"

त्या दिवशी खोटं, असं मी म्हणालो. पुढे दोघंही संशयाचा फायदा मिळून सुटले. निकालात माझ्या साक्षीबद्दल लिहिलं होतं की हा साक्षीदार विश्वास ठेवण्याजोगा नाही. म्हातारीच्या वकिलाने ते मला वाचून दाखवलं. चूक म्हणावं असं त्यात काही नव्हतं.

निकालाच्या दिवशी म्हातारी कोर्टाच्या आवारात लिंबाखाली बसली होती. तिची नजर चुकवून जावं असं मनात आलं, पण तिनेच हाक मारली.

"भाऊ, तुमीच काढली ना तिला वर?"

"व्हय, मावशी."

"मला बघाया भेटली न्हाई. नीट धरली हुती ना?"

"नीट धरली हुती."

तिने मान हलवली. मी माफी मागायला तोंड उघडलं, तर ती पिशवी उचलून उठली. "ऱ्हाऊ द्या. गाडी जाईल माझी," म्हणाली आणि फाटकाकडे चालू लागली.

तिचं अपील खंडपीठात पडून आहे. तारीख लागली की ती एकटीच जाते, असं तिच्या वकिलाकडून कळतं. मला आता कोणी बोलवत नाही. माझं सांगणं आधीच लिहून झालंय, दोनदा, दोन तऱ्हेने.