पॅरिसची बाई वऱ्हाडीत भांडली

वर्धा स्टेशनवर बाबांनी मला निरोप दिला तो एखाद्या दिग्दर्शकासारखा. गाडी हलताना खिडकीशी येऊन म्हणाले, "पुण्यात जपून बोलजो. तिथं मानसाच्या आधी त्याचं बोलनं पाह्यतात." मी नाट्यस्पर्धा गाजवलेली नटी, मला काय अवघड? खराडीत सॉफ्टवेअरची नोकरी धरली आणि वर्षभरात 'काहून', 'मले' असे बेपत्ता केले, की कोथरूडच्या आमच्या सोसायटीत मला सगळे पेठेतली समजू लागले. नाटक मात्र सुटलं.

बाबा गेल्यावर मी आईला पुण्याला घेऊन आले. ती दिवसेंदिवस गप्प होत गेली. "इथल्या बाया माह्यं बोलनं ऐकून हासतात व. मले घरी पोचवून दे." त्या रिकाम्या घरात ती एकटी राहणार, या विचारानं माझा जीव टांगणीला लागला.

त्याच सुमारास एका फिल्म क्लबला महायुद्धानंतरच्या एका फ्रेंच नटीचे सिनेमे मिळाले, सबटायटल्सशिवाय. फ्रेंच क्लायंटच्या कृपेनं मला ती भाषा जेमतेम येत होती. दर रविवारी पडद्याशेजारी माइक धरून मी तिचे संवाद मराठीत बोलायचे, असं ठरलं.

तालीम घरी, लॅपटॉपसमोर. पहिल्या सिनेमात ती पावाच्या दुकानात कामाला. नवरा लढाईवरून परतलेला नाही आणि मालक अंगावर ओरडतोय. मी म्हटलं, "अहो, आपण स्वतःला समजता कोण?"

मेथी निवडत आई म्हणाली, "अशी भांडते का कोनी? तोंड पाह्य तिचं."

मी पाहिलं. रविवारी ती बाई अस्सल वऱ्हाडीत भांडली. मध्यंतरात एक आजोबा म्हणाले, "पॅरिस अमरावतीच्या पुढे लागतं, हे ठाऊक नव्हतं." पुढच्या रविवारी ते पहिल्या रांगेत होते.

रविवारागणिक ती नटी वयानं वाढत गेली. नायिका झाली. मग तिला कुणाच्या तरी आईची दोन मिनिटांची कामं उरली. आणि अखेरीस, सुरकुत्यांसकट, ती पुन्हा पडद्याच्या मधोमध आली. वय लपवायची तिनं तसदीच घेतली नव्हती. एवढं धाडस मी कुठल्याच रंगमंचावर पाहिलं नव्हतं.

शेवटच्या सिनेमाला आईला शेजारी बसवलं. पडद्यावरच्या म्हातारीला तिचा मुलगा शहरात न्यायला आला होता. ती नुसती त्याच्याकडे बघत राहिली. किती वेळ, देव जाणे. मग ती काहीतरी पुटपुटली. मला एक अक्षर कळलं नाही. मी माइक धरून मख्ख उभी.

आईनं माझा हात खाली ओढला आणि माइकमध्ये म्हणाली, "चाल बावा, येतो. पन मी माह्यासारखीच राहीन."

कुणी हसलं नाही. आई पडद्याकडेच बघत होती, माझ्याकडे तिनं मान वळवली नाही.

म्हातारी नेमकं काय म्हणाली होती, ते मी अजून कुणाला विचारलेलं नाही, विचारणारही नाही.

वर्ध्याच्या मैत्रिणींनो, तुमचं नेहमीचं विचारणं असतं, आता तुझं घर कुठलं? संध्याकाळी कंपनीच्या बसमधून उतरते तेव्हा पार्किंगवरून सोसायटीच्या सेक्रेटरींना झापणारा आईचा आवाज थेट फाटकापर्यंत येतो. तो येतो, तिथलं.