तांबडा-पांढरा आणि निळा-पिवळा

सिंगापूरच्या बिशान भागातला तो फ्लॅट आता सुटला, माझा मित्रही त्याच्या गावी परतला. तरी रविवारी सकाळी जाग आली की मी अजून बाहेरच्या खोलीत टीव्ही लागल्याचा आवाज ऐकायला बघतो.

सिंगापूरला आलो तेव्हा फुटबॉल मागे टाकून आलो, असं मला वाटत होतं. कोल्हापूरच्या माणसाला असं काहीबाही वाटतं. मग फ्लॅटमधली दुसरी खोली घ्यायला अर्जेंटिनाचा एक संशोधक आला. बॅग उघडायच्या आधी त्यानं भिंतीवर आपल्या फुटबॉल क्लबाचं निळं-पिवळं कापड लावलं. घरमालकिणीनं खिळे मारू नका म्हणून बजावलं होतं, म्हणून चिकटपट्टीनं लावलं. म्हटलं, हा आपल्यातलाच आहे.

त्याच्या क्लबाचा इतिहास मी खालच्या हॉकर सेंटरमधल्या खाण्याच्या टपरीवर कोपी, म्हणजे तिथली दाट कॉफी, पीत ऐकला, पुष्कळदा ऐकला, आणि दर वेळी तो थोडा वाढलेला असे. बंदरावरची गरीब वस्ती. इटलीहून पोटासाठी आलेली माणसं. पत्र्याची घरं, ती रंगवायची बोटींच्या उरलेल्या रंगानं. तिथल्या पोरांनी चौकातल्या बाकावर बसून क्लब काढला. रंगावरून भांडणं झाली तेव्हा ठरलं, बंदरात आता जी बोट येईल तिच्या झेंड्याचे रंग आपले. आली ती निळी-पिवळी. ‘हे खरं का रे?’ असं मी एकदा विचारलं, तर गडी संध्याकाळपर्यंत माझ्याशी नीट बोलला नाही.

त्याच वस्तीत जन्मलेला दुसरा एक क्लब पुढं श्रीमंत भागात राहायला गेला. पांढरा शर्ट, त्यावर तिरका लाल पट्टा. त्याचं नाव मित्र कधी घेत नसे, नुसतं ‘ते’ म्हणे. मला समजावून सांगायची गरज नव्हती. आमच्याकडेही तालमीचा फुटबॉल संघ असतो, आपली पेठ असते आणि समोरची पेठ असते. सामन्याच्या दिवशी समोरच्यांच्या रंगाचा शर्ट घालून आपल्या गल्लीतून जाणाऱ्याचं काय होतं, ते इथं लिहीत नाही.

माझे वडील तालमीच्या संघाचे गोलकीपर. ते गेले आणि आईनं मैदानाच्या बाजूची खिडकी लावून टाकली. त्यांच्याबद्दल ती चकार शब्द काढेना. कुणी आठवण काढली की उठून आत जाई. स्वयंपाक म्हणजे आमटी-भात, तोही रेटून केलेला. तिला मी सिंगापूरला आणली ती एवढ्याचसाठी, की जागा बदलली तर बोलेल. एमआरटीची मेट्रो दाखवली, बागा दाखवल्या. सगळ्याला ‘छान हाय’ म्हणाली आणि गप्प झाली. मला तिचा रागही यायचा आणि कीवही.

एका संध्याकाळी ती घेवड्याच्या शेंगा मोडत बसली होती. मित्रानं तिला क्लबाचा इतिहास सांगायला घेतला आणि मी त्याचं मराठी करत गेलो. ती ऐकतेय की नाही, कळेना. शेवटी म्हणाली, “म्हंजे ते पेठ सोडून गेले, आन् ह्याचे पेठंतच ऱ्हायले.”

“हो.”

“मग सामना कधी हाय?”

सामना त्यांच्याकडे शनिवारी रात्री, म्हणजे सिंगापुरात रविवारी सकाळी होता. आदल्या दिवशी आई माझ्याबरोबर बेडोकच्या बाजारात आली आणि तिथल्या मलय मटणवाल्याशी मराठीत हुज्जत घालून मनासारखं मटण घेतलं. रविवारी मला जाग आली ती कांदा-लसूण चटणीच्या वासानं. वडील गेल्यावर तिच्या हातचं मटण शिजलेलं मी पहिल्यांदाच बघत होतो.

मित्र निळा-पिवळा शर्ट घालून टीव्हीसमोर बसला होता. आईनं त्याच्यापुढं ताट ठेवलं. एका वाटीत तांबडा रस्सा, एका वाटीत पांढरा. कोल्हापुरात पाहुण्याचा याहून मोठा मान नाही. आणि त्याच्या घरी या सामन्याच्या दिवशी टोमॅटोशेजारी कांदासुद्धा चिरून ठेवत नाहीत, हे त्यानंच मला सांगितलेलं.

त्यानं वाट्यांकडं बघितलं, मग माझ्याकडं. आई हातात पळी घेऊन उभी. वडिलांचं सगळं मी त्याला सांगितलेलं होतं. ताट परत गेलं तर ही बाई पुन्हा दार लावून घेईल, हे मला दिसत होतं आणि त्यालाही. त्यानं छातीवर क्रुसाची खूण केली आणि पांढरा रस्सा प्यायला. मग तांबडा. डोळ्यांतून पाणी आलं, ते तिखटानं की पापाच्या भीतीनं, देव जाणे.

तेवढ्यात टीव्हीवर संघ मैदानात आले. आईनं तिकडं बघितलं, मग वाट्यांकडं. शेवटी पेठेतली बाई. “अगं बाई! ते पांढऱ्या-तांबड्यातले तेच का रं?” म्हणत तिनं वाटीवर झडपच घातली. मित्रानं वाटी दोन्ही हातांनी घट्ट धरली. “नो, आई, नो. मोर.”

आणि क्लब हरला. अगदी शेवटाला गोल खाऊन हरला. मित्र डोकं धरून बसला. आता आई सगळं स्वतःच्या माथी घेणार, म्हणून मी वाट्या उचलायला उठलो.

ती त्याच्या शेजारी जाऊन बसली. “मला आदी सांगायचं न्हाई व्हय?” हे मला. मग त्याच्याकडं वळून, शुद्ध कोल्हापुरीत म्हणाली, “ह्यांच्या सामन्याला समोरच्यांच्या रंगाची भाजीसुदीक मी घरात येऊ द्यायची न्हाई. तरी हरायचेच की! हरले की चिखलाच्या बुटानं दारातच बसायचे. आत या म्हटलं तर येत न्हवते. मग मी ताट घिऊन दारातच बसायची. एकेक घास बळंच घालायचा.”

ती बोलतच राहिली. वडिलांचं मोडलेलं बोट, अडवलेली पेनल्टी, हुकलेली पेनल्टी. मित्राला त्यातलं अक्षर कळत नव्हतं, तरी तो मान हलवत होता. भाषांतर करायचं मला भानच नव्हतं. दारातल्या त्या ताटाबद्दल मला कधी कुणी सांगितलं नव्हतं. वडील गेल्यावर कागदपत्रं, पाहुणे, तिकिटं, सगळं मी कोरड्या डोळ्यांनी निभावलं होतं.

आई बोलता बोलता थांबली आणि माझ्याकडं बघत राहिली.

“आरं,” ती म्हणाली, “हरलाय त्यो, आन् रडतोयस तू?”