पाच मुठी तांदूळ

सोजरबाईंची हिंदी इतकी भयंकर होती, की बिबवेवाडीतले यूपी-बिहारचे भाडेकरूसुद्धा त्यांच्याकडून भाजी घेताना मुकाट्यानं मराठीत यायचे. बाईंना मात्र त्या हिंदीचा कोण अभिमान! "मेथी एकदम कवळी है भाभी, सकाळीच उपटी है." मुलाचा टेम्पो मांजरी गावाहून मार्केट यार्डात माल घेऊन यायचा. त्यातून त्या आमच्या कोपऱ्यावर उतरायच्या आणि दुपारपर्यंत पालेभाजी विकायच्या. मी, मंदाकिनी, आयुष्यभर शाळेत इंग्रजी शिकवून निवृत्त झालेली. आमची ओळख किडक्या पालकावरून झालेल्या भांडणात झाली आणि पुढेही भांडतच वाढली.

दोन हजार पाच सालची गोष्ट. एका सकाळी त्यांनी मेथीच्या गठ्ठ्याखालून एक पुस्तक काढलं. चक्क इंग्रजी कादंबरी.

"बाई, ह्ये मला वाचून दावा."

"का हो, परीक्षेला बसताय?"

त्या हसल्या नाहीत. पुस्तक उलटं करून त्यांनी मागच्या फोटोवर बोट ठेवलं. "ही दिल्लीवाली. आमच्या घरी आल्याली. माझ्या हातची भाकर खाल्ली हिनं. माझ्यावर पुस्तक लिव्हलंय."

फोटोतल्या बाईंना मी ओळखत होते. गोरगरिबांवर इंग्रजीत कादंबऱ्या लिहून मोठं नाव कमावलेली लेखिका. खोटं कशाला बोलू, त्यांच्या दोन कादंबऱ्या वाचून मी रडलेही होते. बहात्तरच्या दुष्काळावर लिहायचं म्हणून त्या पूर्वी कधीतरी पुण्याभोवतालच्या गावांतून हिंडल्या होत्या आणि सोजरबाईंच्या ओसरीवर दोन दिवस बसल्या होत्या. लेखिकेला मराठी येत नव्हतं. मग काय, सोजरबाईंनी पाहुणीचा मान ठेवून सगळं आयुष्य हिंदीतून सांगितलं. पुढे छापील पुस्तक टपालानं त्यांच्या घरी आलं. "माझं पुस्तक निघालंय" हे त्या तेव्हापासून सगळ्या गावाला सांगत होत्या.

आणि आता ते पुस्तक नातीला कॉलेजात अभ्यासाला लागलं होतं. नात म्हणजे लेकीची लेक, स्वप्नाली. सोजरबाईंची एकुलती लेक शालन खराडीला दिलेली. स्वप्नालीनं पुस्तक वाचून आईला मराठीत सांगितलं, आणि त्या दिवसापासून शालनचं येणं बंद झालं. फोनही बंद. शेवटच्या फोनवर ती एवढंच म्हणाली, "आये, तुझं पुस्तक कळलं मला."

"आत काय लिव्हलंय, त्येवढं कळू द्या," सोजरबाई म्हणाल्या. "माझी लेक तुटली, बाई."

भाजी संपल्यावर त्या माझ्याकडे आल्या. खुर्चीवर बसा म्हटलं तर फरशीवर बसल्या. मी वाचून मराठीत सांगायला लागले. पहिल्या प्रकरणात नवरा दारू पिऊन बायकोला बडवतो. सोजरबाईंचे मालक हिंदुराव यांनी जन्मात कधी सुपारीसुद्धा तोंडात टाकली नव्हती. बाई तोंडाला पदर लावून खदाखदा हसल्या. "अगं बया! मालकांना सांगते, पुस्तकात तरी पिऊन घ्या म्हनावं!"

मग ते पान आलं. मी मनात वाचलं आणि थांबले.

"वाचा की."

वाचलं. दुष्काळात आई पाच मुठी तांदूळ घेते आणि पंधरा वर्षांची मुलगी देऊन टाकते. त्या संध्याकाळी घरात भात शिजतो. आई मुलीच्या वाटणीचाही भात खाते.

सोजरबाईंनी वाकून पुस्तकात डोकावून बघितलं. मग एकदम म्हणाल्या, "भात? त्या साली भात कुटला? रेशनवरचा तांबडा मिलो, इलायती जवारी, खात व्हतो आमी. जनावरानं तोंड लावलं नसतं."

"मग हे तांदूळ कुठले?"

"ओटीचे! शालीच्या ओटीचे!" त्या ओरडल्याच. लग्नात द्यायला घरात काही नव्हतं. ना भांडं, ना लुगडं. आदल्या वर्षीचे पाच मुठी तांदूळ तेवढे त्यांनी गाडग्यात लपवून ठेवले होते. "पोरं उपाशी रडली, तरी शिजवलं न्हाईत म्या. लेकीची ओटी मिलोनं भरू व्हय?"

"तुम्ही त्या बाईला सांगितलंत तरी काय? अगदी तसंच सांगा."

सोजरबाई ताठ बसल्या. त्यांच्या आयुष्यातली सगळ्यात अभिमानाची गोष्ट त्यांनी मला जशीच्या तशी हिंदीत म्हणून दाखवली. "पाच मूठ चावल पे लडकी दे दी, बाई!"

मी कपाळावर हात मारला. लेक दिली म्हणजे लग्न करून दिली, हे मराठीत शेंबड्या पोरालाही कळतं. दिल्लीच्या बाईला कसं कळावं? तिनं ऐकलं ते लिहिलं. असा राग आला मला, पण तो काढायचा कुणावर?

मी समजावून सांगितलं. सोजरबाईंना कळलं ते एवढंच, की चूक झाली आहे. आणि चूक झाली की ती सुधारता येते.

"मग खोडा की त्ये. तुमच्याकडं लाल पेन हाय की."

मी खोडलं. काय करणार? लाल पेनानं त्या चार ओळींवर काट मारली. बाईंना बरं वाटलं. मग त्यांनी विचारलं, "आन् बाकीच्या पुस्तकांत?"

मी स्वप्नालीला फोन केला, ओटीचं सगळं सांगितलं. पोरगी गुणी. "मॅम, मला पटलं. पण आईला नाही पटत. ती म्हणते, एवढं छापलंय, कॉलेजात शिकवतायत, ते काय उगाच?"

तेवढ्यात पेपरात आलं, की लेखिकाबाई पुण्यात व्याख्यानाला येणार आहेत. मी सोजरबाईंना घेऊन गेले. हॉल खच्चून भरलेला. खादीचे झब्बे, मोठमोठी कुंकवं, गरिबांविषयीचा जिव्हाळा नुसता ओसंडून चाललेला. प्रश्नोत्तरं सुरू झाल्याबरोबर सोजरबाई नऊवारी सावरत उभ्या राहिल्या.

"बाई, मैं सोजर. मांजरीवाली."

लेखिका चटकन व्यासपीठावरून खाली आल्या, आणि त्यांनी सोजरबाईंना मिठी मारली. त्यांचे डोळे भरून आले होते, अगदी खरेखुरे. त्या मिठीतूनच सोजरबाई सांगायला लागल्या, "चावल लिया नै, बाई! दिया! मैं दिया!"

टाळ्यांचा कडकडाट झाला.

"बाई, तुमी सांगा, इंग्रजीत सांगा!" सोजरबाईंनी माझा दंड धरला. मी उभी राहिले. लग्न, दुष्काळ, आई, सगळं नीट बोलले आणि ओटीपाशी येऊन अडले. काय म्हणू? पदर? पोट? मांडी? शेवटी म्हणाले, आईनं मुलीच्या मांडीवर तांदूळ ठेवले. मागे कुणीतरी फिसकन हसलं. लेखिकेनं शांतपणे ऐकून घेतलं. मग छातीवर हात ठेवून म्हणाल्या, की ही कादंबरी आहे, त्यातली आई एकट्या सोजरबाई नाहीत, ती देशातल्या प्रत्येक भुकेल्या घरातली आई आहे. पुन्हा टाळ्या. फोटोही काढले.

परतताना रिक्षात सोजरबाईंनी विचारलं, "काय म्हनली हो ती?"

"म्हणाली, पुस्तकातली बाई म्हणजे एकट्या तुम्ही नाही."

"मग माझी एकटीचीच लेक का रुसली?"



दिवाळी गेली, भाऊबीजसुद्धा कोरडी गेली. मग हिंदुराव न्हाणीत पाय घसरून पडले, खुब्याचं हाड मोडलं. मी भेटायला मांजरीला गेले होते, त्याच दिवशी शालन आली. बापाजवळ बसली, त्याचं डोकं चेपलं, संत्रं सोलून भरवलं. आईशी मात्र चहा-पाण्यापुरतं बोलली. सोजरबाई नुसत्या तिच्या तोंडाकडे बघत होत्या.

शालन निघायला उठली तशी सोजरबाईंनी घाईघाईनं तिला पाटावर बसवलं. कुंकू लावलं. ताटात खण, नारळ, तांदूळ. शालननं पदर पसरला. सोजरबाईंनी पहिली मूठ भरली, आणि शालननं पदर मिटून घेतला.

"तांदूळ नको, आये."

"तांदळाबिगर ओटी कशी व्हईल गं?"

"नको म्हनलं ना."

"शाले, ओटीचे व्हते गं त्ये. ह्या बाईंना इचार. तुझी आन!"

"ओटीचे व्हते, मान्य हाय मला." शालनचा आवाज चढला नाही. "पर मी गेल्यावर घरातलं एक तोंड कमी झालं का न्हाई? खरं सांग."

सोजरबाईंनी माझ्याकडे पाहिलं. इंग्रजीचं काही असतं तर मी निदान धडपडले असते.

"झालं," त्या म्हणाल्या.

"मग त्या बाईनं काय खोटं लिव्हलं?"

शालननं खण घेतला, नारळ घेतला, आईच्या पाया पडली, आणि दारात उभ्या गाडीत जाऊन बसली. सोजरबाईंच्या मुठीतले तांदूळ मुठीतच राहिले. गाडीचा आवाज येईनासा झाला तरी त्या उंबऱ्यात उभ्या होत्या. शेवटी मीच म्हटलं, "सोजरबाई, आत चला."

त्या आत आल्या. मुठीतले, ताटातले सगळे तांदूळ पातेल्यात टाकले, धुतले, चुलीवर ठेवले. भात शिजला. हिंदुरावांना भरवला. मग माझ्यापुढे ताट ठेवलं. मी नको नको म्हणत होते, तरी वाढत राहिल्या.

"खावा, बाई," सोजरबाई म्हणाल्या. "लेकीच्या वाटनीचा हाय."