पांढऱ्या डोळ्यांचा आल्गोत

स्टॉकहोमच्या सोडर भागात आल्गोत ब्रुंडिनला सगळे ओळखत, पण मेलेला म्हणून. मासळीवाली हेरिंग बांधून देताना म्हणायची, "काय हो ब्रुंडिन, आज जिवंत दिसताय. सिनेमावाल्यांनी सुट्टी दिली वाटतं?" भोवतालच्या बाया हसायच्या. आल्गोतही हसायचा. घरी आला की मात्र तेच मासे बायकोपुढे आदळायचा.

सगळा घोळ त्याच्या फिक्या निळ्या डोळ्यांचा. तेव्हाच्या मूकपटांच्या फिल्मवर निळा रंग पांढराफटक उतरायचा. नायकाचे डोळेही निळेच होते म्हणा. पण त्याच्यासाठी कॅमेऱ्याच्या कडेला काळं मखमली कापड धरत. त्या काळ्यावर नजर लावली की डोळ्यातली बाहुली पसरते आणि पडद्यावर डोळा माणसाचा दिसतो. आल्गोतसाठी ते कापड कोण धरणार? आंधळा, वेडा, बुडालेला, असला पांढऱ्या डोळ्यांचा माल सिनेमाच्या मालकांना आयता मिळत होता. उन्हाळ्यात नाटकगृहं बंद झाली की नटमंडळी सिनेमाकडे वळत, आणि नाटकात किरकोळ कामं करणारा आल्गोत दर उन्हाळ्यात कुठल्या ना कुठल्या तळ्यात मरत असे.

एका वर्षी ठरलेला नट ऐन वेळी आजारी पडला, म्हणून दिग्दर्शक लुंडेवालने आल्गोतला नावाड्याचं काम दिलं. लेकीला लग्नाला पलीकडच्या काठावर सोडणारा बाप. काम लहानसं, पण चेहरा जवळून दिसणार होता.

"मला ते काळं कापड हवं," आल्गोत म्हणाला.

"ते नायकाचं आहे. शिवाय तुमचा नावाडी म्हातारा. नजर अधू असेल त्याची."

"नजर अधू असलेल्यांच्या होडीत बसता वाटतं तुम्ही?"

कॅमेरावाला फिसकन हसला. लुंडेवाल हसला नाही, आणि कापडही मिळालं नाही.

दुसऱ्या दिवशी आल्गोतची बायको गुनहिल्ड आपली दुखवट्याची काळी शाल घेऊन आली. कुणाला न विचारता कॅमेऱ्याला खेटून उभी राहिली आणि दोन्ही हातांनी शाल ताणून धरली. "इकडे बघ," ती नवऱ्याला म्हणाली. "आणि रडायचं ते लवकर रड, माझे हात भरून आलेत."

शरद ऋतूत सिनेमा लागला. पडद्यावरच्या नावाड्याचे डोळे काळसर होते, ओले होते, चारचौघांसारखे होते. गुनहिल्डने अंधारात आल्गोतचा हात घट्ट धरला. आयुष्यात पहिल्यांदा तो स्वतःला जिवंत बघत होता.

मासळीवाली म्हणाली, "यंदा दिसला नाहीत कुठे. काम नाही मिळालं?"

"तो नावाडी मीच."

"काहीतरीच," ती म्हणाली, आणि पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळली.

पुढच्या उन्हाळ्यात बोलावणं आलंच नाही. जूनमधला मिडसमरचा सण होऊन गेला. नाटक कंपनीनेही येत्या हंगामासाठी तरुण माणूस घेतला होता. शेवटी आल्गोत स्वतःच लुंडेवालच्या दारात गेला.

"तुमच्यासारखे बाप मला ढिगाने मिळतात," लुंडेवाल म्हणाला. "तुमचे डोळे मिळत नाहीत. एक बुडालेला कोळी आहे. शाल नको, बाईसाहेबही नकोत. कबूल?"

"कबूल," आल्गोत म्हणाला.

तळ्याच्या काठावर, गळक्या होडीच्या तळाशी त्याला उताणा निजवला. पाठीखाली गार पाणी होतं. ऊन झाडांच्या शेंड्यांवर गेलं होतं, लुंडेवालला घाई होती. कॅमेरावाल्याने हँडल फिरवायला घेतलं आणि आल्गोतने डोळे मिटले.

"ब्रुंडिन, डोळे उघडा."

"मेलेल्याचे डोळे घरची माणसं मिटतात," आल्गोत पडल्या पडल्या म्हणाला. "माझे मिटून झालेत."

"अहो, तो एकटा बुडालाय. तिथे घरचं कोण येणार?"

"त्याला घरच नव्हतं, असं कुणी सांगितलं तुम्हाला?"

लुंडेवाल होडीजवळ आला आणि आवाज खाली आणून म्हणाला, "ऊन चाललंय. आत्ता डोळे उघडले नाहीत तर हे तुमचं शेवटचं काम. इथेच नव्हे, कुठेही."

तो थापा मारत नव्हता, हे आल्गोतला ठाऊक होतं. गुनहिल्डला काय सांगायचं, हिवाळा कसा काढायचा, सगळं एकदम डोक्यात आलं. मिटलेल्या पापण्या थरथरू लागल्या, तशा त्याने त्या आणखी आवळल्या.

शेंड्यांवरचं ऊन विझलं, आणि कॅमेरावाल्याने हँडल सोडलं.