सख्खा भाऊ नको, भूत चालेल

आज दुपारी मालवणात डोकं फिरलं माझं. अजून ठिकाणावर आलेलं नाही, म्हणून इथे लिहितेय.

माझ्या कादंबरीवर सिनेमा करायचाय म्हणून मुंबईहून एक निर्माता आला होता. खानावळीत सुरमई खाता खाता म्हणाला, "मॅडम, गोष्ट कडक आहे. फक्त खुनी बदलू."

गोष्टीत बहीण वडिलांच्या जमिनीत हिस्सा मागते आणि सख्खा भाऊ तिला मारतो.

"खुनी सख्खा भाऊ, हे लोकांना झेपणार नाही. कोकण आहे, भूत दाखवू!"

मी मालिका लिहायचे तेव्हा खुनी कोण ते चॅनल ठरवायचं. सिनेमा दिग्दर्शित केला तेव्हा निर्मात्याने ठरवलं. या प्रकारालाच वैतागून गावी आले आणि कादंबऱ्या लिहायला लागले.

आमच्याकडे हिस्सा मागणाऱ्या बहिणीला बाधा झालीय म्हणतात. म्हणजे जिवंतपणी भूत तिच्या अंगात, आणि मेली तरी दोष भुताचाच. भाऊ कायम सज्जन!

मी भरल्या ताटावरून उठले. "भुताक सातबारो कित्याक होयो रे?"

तर तो खूश! "जबरदस्त! हा डायलॉग आपण भुताच्याच तोंडी घालू."

तुम्हीच सांगा, पुढच्या कादंबरीत खून कोणाचा करू?