हौदावरचे दोन पक्षी

"एक विचारू? जन्नतमध्ये गेल्यावर तुम्ही आधी कुणाला शोधणार? तिला की मला?"

"हिरव्या तीन, पांढरी एक," नवरा नक्शाच्या कागदातून मान वर न करता म्हणाला.

"रंग नाही विचारले मी!"

"आधी गालिचा संपव बाई. मग मर."

हिनं तीन हिरव्या गाठी करकचून आवळल्या. आत नुसता जळफळाट. मागावर जन्नतचा बाग चढला होता. चार नद्या, पाण्याची, दुधाची, मधाची आणि न चढणाऱ्या शराबची, मधल्या हौदात येऊन मिळत. हौदाच्या खालचा अर्धा बाग सवतीच्या हातचा. ती आठ वर्षांपूर्वी वारली तेव्हापासून माग चादरीखाली झाकलेला. आता एका गिऱ्हाइकाला गालिचा हवा झाला आणि उरलेला अर्धा हिच्या गळ्यात पडला.

सासू येता-जाता खालच्या भागावरून हात फिरवायची. "काय मऊ हात होता पोरीचा!"

ही मनात म्हणायची, मेली आठ वर्षं आधी जाऊन बसली, रुमाल टाकून जागा धरल्यासारखी. आणि तिथं म्हणे सगळेच तरुण!

"तिथं कुणाच्या मनात मत्सर राहत नाही," सासूनं समजूत घातली. "अल्लाह उपटून टाकतो."

"म्हणजे ती माझ्यावर जळणारसुद्धा नाही?" हिला ते फारच झोंबलं.

हौदावर पक्ष्यांची जोडी होती. खालचा सवतीनं विणलेला, वरचा हिच्या वाट्याचा. दुपारी नवरा नमाजला गेला, तेवढ्यात हिनं नक्शा सोडून चार गाठी जास्तीच्या घातल्या. पक्षी चांगला गुबगुबीत झाला, शेपूट थेट दुधाच्या नदीत.

नवरा आला आणि बघतच राहिला. "हे काय, जन्नतमध्ये बदक? उसव."

"तिचा असता तर उसवायला लावला असतात?"

"लावलाच होता. दोनदा."

हिचे हात थांबले. "मग? रडली?"

"रडली? दोन दिवस जेवली नाही!"

हिला बरं वाटलं. आठ वर्षांत कधी नव्हतं इतकं. मेलेल्या बाईबद्दल असं वाटून घेऊ नये वगैरे काही तिच्या मनाला शिवलंदेखील नाही.

"मी जेवणार बरं का," ती म्हणाली, आणि सुरीचं टोक शेपटीखाली घालून एकेक गाठ उसवायला लागली.